घटीव्रतींना हिशेब शिकवणाऱ्या बाईंना

आदरणीय बाई,
सप्रेम नमस्कार.

घटीव्रतींच्या कादंबरीचा पहिला खंड लिहून झाला. हे पत्र सगळ्यांना वाचता येईल असे लिहिते आहे. ज्यांच्या हाती पुस्तक पडेल त्यांना कळू दे, की या मांत्रिकांच्या संप्रदायाला कणा दिला तो सोलापुरातल्या गणिताच्या एका निवृत्त शिक्षिकेने, मांडीवर पंचांग घेऊन.

कालठाणच्या मठात राहणारे, काळ ताणणारे आणि आखडणारे माझे घटीव्रती. त्यांची गोष्ट तुम्हाला सांगितली तेव्हा तुम्ही हसला नाहीत. "याचा उपयोग काय?" असेही विचारले नाहीत. विचारले ते एवढेच: "त्यानं लढाईत एक घटिका वाढवून घेतली, ती कुणाच्या दिवसातून गेली गं?"

त्या एका प्रश्नातून अख्खा संप्रदाय उभा राहिला. साठ विपळांचे पळ, साठ पळांची घटिका, साठ घटिकांचा दिवस. घटिका 24 मिनिटांची आणि दिवसाला एकसष्टावी घटिका नाही. म्हणून आता कालठाणात प्रत्येक उसन्या घटिकेची नोंद होते आणि ती कोणाकडून घेतली त्याचे नाव शेजारी लिहावे लागते. पहिल्या पायरीचा साधक फक्त पळ हलवू शकतो. तिथीला हात लावायला गुरूची परवानगी लागते. मंत्र मी आधीच लिहून ठेवले होते, पण त्या मंत्रांना धाक आला तो या नोंदवहीमुळे.

क्षयतिथीचा धडा मात्र मी जन्मभर विसरणार नाही. दाते पंचांग जिथून निघते त्या सोलापुरात मी वाढले, तरी तिथी एवढी वेडीवाकडी चालते हे मला ठाऊक नव्हते. चंद्र सूर्याच्या बारा अंश पुढे गेला की एक तिथी संपते. चंद्राची चाल कमीजास्त होते, त्यामुळे कधी तिथी जेमतेम 19 तासांची, तर कधी 26 तासांच्या पुढे जाते. दिवसाला नाव लागते ते सूर्योदयाच्या तिथीचे. मग जी तिथी आजच्या सूर्योदयानंतर सुरू होऊन उद्याच्या सूर्योदयाआधी संपली, तिचे नाव कुठल्याच दिवसाला लागत नाही. तुम्ही पानावर बोट ठेवून म्हणालात, "ती असते. फक्त उगवता सूर्य तिला बघत नाही."

बाई, त्या वाक्यावर माझी निम्मी कादंबरी उभी आहे. राजाचे दप्तर दिवसाच्या नावाने चालते, म्हणून क्षयतिथीवर राजाचा कर नाही आणि राजाचा हुकूमही नाही. घटीव्रती आपली गुपिते तिथेच ठेवतात. वृद्धितिथी दोन सूर्योदय पाहते, म्हणून त्या तिथीला घेतलेली शपथ दुसऱ्या सूर्योदयापर्यंत परत घेता येते. आणि रेवा, माझी नायिका, क्षयतिथीला जन्मली म्हणून तिचे नाव दप्तरात नाही. तिच्यासाठी मी मोठमोठे प्रसंग रचत बसले होते. तुम्ही विचारलेत, "तिची आई तिला ओवाळते कधी?" पुस्तकातला मला सर्वांत प्रिय प्रसंग त्यातून आला: रात्री तिथी लागलेली असताना दार लावून, दिव्याची वात बारीक करून लेकीला ओवाळणारी आई.

अधिकमासही तुमच्याचमुळे आला. चांद्रवर्ष 354 दिवसांचे, सौरवर्ष 365 दिवसांचे. दरवर्षी सुमारे अकरा दिवसांची तूट साचत जाते आणि तीनेक वर्षांनी एक महिना जास्तीचा धरावा लागतो. 2023 साली आपल्याकडे श्रावण दोनदा आला तो असाच. कालठाणात या महिन्यात कोणी जादू करत नाही, सगळ्यांची उसनवारी तेव्हा फेडली जाते. गड्ड्याच्या यात्रेचेही, म्हणजे सोलापुरातल्या सिद्धेश्वराच्या जत्रेचेही, तुम्ही सांगितलेत. आपले बाकीचे सण इंग्रजी तारखेत पुढेमागे होतात, पण सिद्धेश्वराचे नंदीध्वज निघतात ते जानेवारीच्या मध्यालाच, कारण संक्रांत सूर्याची. तरी तीही साधारण 72 वर्षांत एक दिवस पुढे सरकते. हे सरकणे ऐकून मी मठाच्या सर्वांत म्हाताऱ्या गुरूला तेवढेच एक काम दिले आहे: त्या एका दिवसावर पहारा.

सोलापूरच्या उन्हाळ्यातल्या भर दुपारी तुम्ही दार उघडलेत, कडक भाकरी आणि शेंगाचटणी पुढे केलीत आणि माझ्या नसलेल्या मठाची आकडेमोड खऱ्या पेपरासारखी तपासलीत. जिथे हिशेब जुळला नाही तिथे लाल शाईने खूण केलीत. माझ्या लिखाणाला इतक्या गंभीरपणे त्याआधी कोणी घेतले नव्हते. मनापासून आभार मानते, बाई.

दुसऱ्या खंडात क्षयमास आणते आहे. एकाच चांद्रमासात दोन संक्रांती आल्या, म्हणजे सूर्याने दोनदा रास बदलली, की एक महिनाच गळतो. असे 1963-64 मध्ये झाले आणि पुन्हा 1982-83 मध्ये, एवढे तुमच्याकडूनच लिहून घेतले आहे. पण अख्खा महिना गळाला तर घटीव्रतींच्या नोंदवहीत तो कोणाच्या नावावर घालायचा, ते मला सुटत नाही. गड्ड्याची गर्दी ओसरली की वही घेऊन येते. लाल पेन काढून ठेवा.

तुमची विद्यार्थिनी