दादा बरोबर बोलतायत

मित्रा,

तुझं नाव लिहू नको असं तू दारात चपला घालताना दोनदा बजावलंस, म्हणून लिहीत नाही. अहो-जाहो केलेलं तुला आवडलं नाही, म्हणून अरे-तुरेच करते. पण आभार मानू नका असंही तू म्हणालास, ते मात्र मी ऐकणार नाही. चार दिवस झाले, अजून आमच्या घरात त्या संध्याकाळचा विषय निघाला की आई पदर डोळ्यांना लावते. मीही उठून स्वयंपाकघरात जाते.

वाचणाऱ्यांना थोडं मागचं सांगायला हवं. आमचा दादा चव्वेचाळीस वर्षांचा. गेल्या श्रावणात त्याला पक्षाघाताचा झटका आला. उजवी बाजू गेली आणि वाचाही गेली. आता काठी घेऊन तो गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन येतो. उजवा हात मात्र मांडीवर ठेवला की तिथेच राहतो. बोलणं एकेका शब्दाचं. डोक्यात सगळं असतं, ओठांपर्यंत यायला वेळ लागतो, आणि तेवढा वेळ द्यायला कुणी तयार नसतं. हे मी इतरांना लावते आहे, पण त्यात मीही आलेच. पुढे सांगते.

दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावरून जुनी पत्र्याची पेटी निघाली. तिच्यात आमचा व्हिडीओ गेम. बाबांनी १९९३ च्या मे महिन्यात मुंबईला कामासाठी गेले असताना लॅमिंग्टन रोडवरून आणलेला. जपानच्या निन्टेंडोने १९८३ साली फॅमिकॉम नावाचं यंत्र काढलं, त्याची ती नक्कल होती हे आम्हाला तेव्हा कुठलं माहीत? आमच्यासाठी तो नुसता 'व्हिडीओ गेम', त्याचे ते दोन 'रिमोट', आणि पिवळ्या प्लास्टिकची 'कॅसेट', जी चालली नाही की काढायची, खालच्या फटीत फुंकर मारायची आणि पुन्हा दाबून बसवायची. दादाने ती कॅसेट डाव्या हातात घेतली. बराच वेळ उलटसुलट करून बघितली आणि म्हणाला, "टँक." महिनाभरात त्याने आपणहून उच्चारलेला तो पहिला शब्द होता. पाणी हवं, लाइट लाव, असलं काही मागण्याचा तो शब्द नव्हता.

टँकचा गेम कुणाला माहीत नाही? नामकोने १९८५ साली काढलेला बॅटल सिटी. विटांच्या भिंती, खाली मधोमध आपण वाचवायचा तो गरुड, वरून एकामागून एक येणारे वीस टँक, आणि अशा पस्तीस स्टेज. दादाचा टँक पिवळा, माझा हिरवा. चुकून एकमेकांना गोळी लागली तर लागलेला टँक थोडा वेळ जागीच खिळतो. दादा 'चुकून' ती गोळी किती वेळा मारायचा, त्यावरून आमची किती भांडणं झाली, आणि आईने किती वेळा अडॅप्टरच काढून ठेवला, याचा हिशेब नाही. कन्स्ट्रक्शनमध्ये, म्हणजे आपली स्टेज आपणच रचायच्या भागात, जाऊन दादा गरुडाभोवती लोखंडी भिंत बांधायचा, विटांनी माझ्या नावाचं पहिलं अक्षर काढायचा. लाइट गेली की ते सगळं पुसलं जायचं, आणि आमच्याकडे लाइट रोज जायची.

पेटीतलं यंत्र काही चालू झालं नाही. मग मी चौकशी सुरू केली, आणि तिथून जे सोसावं लागलं ते लिहिल्याशिवाय माझं मन हलकं होणार नाही. कराडातल्या एका दुकानात दादाला घेऊन गेले. मुद्दाम घेऊन गेले, कारण गेम त्याच्यासाठी होता. काउंटरमागचा माणूस पहिल्यापासून शेवटपर्यंत माझ्याशीच बोलला. दादा समोर उभा, आणि हा मला विचारतोय, "पेशंटला जमणारे का पण? दोन हात लागतात याला." पंधराशे रुपये घेतले, घरच्या कॉम्प्युटरवर 'पाच हजार गेम' टाकून दिले. चालू केलं की आधी जुगाराच्या जाहिराती उघडायच्या, मग गेम. बटणं सगळी कीबोर्डवर, तीही दोन हातांची. दादा म्हणाला, "फास्ट." दुकानदार माझ्याकडे बघून हसला. "गेम असाच असतो ताई, आता यांनाच फास्ट वाटणार." नात्यातल्या एका हुशार माणसाने फोनवर सल्ला दिला की मोबाईलवर लुडो लावून दे, रमेल. रमेल! चव्वेचाळीस वर्षांच्या माणसाबद्दल.

माझ्या ऑफिसातल्या मैत्रिणीने तुझा नंबर दिला. "माझा भाचा असल्या जुन्या गेमच्या मागे असतो," एवढंच म्हणाली. तू उंब्रजहून दुचाकीवर आलास, पाठीवर सॅक. पायरीवर चपला काढल्यास आणि पहिलं वाक्य बोललास ते दादाशी: "कॅसेट कुठाय?" दादाने उशाखालून काढून दिली. तू ती दोन्ही हातांत घेतलीस, लेबल बघितलंस, सोन्याच्या रंगाच्या पट्ट्या बघितल्यास. म्हणालास, "ही अजून बोलेल."

दुकानवाल्याने टाकलेला सगळा पसारा तू आधी पुसून काढलास. पाच हजारांतला एकही गेम ठेवला नाहीस. आमच्याच कॅसेटमधून आमचा गेम काढू, म्हणालास. तुझ्या सॅकमधल्या छोट्याशा हिरव्या पट्टीवर ती कॅसेट बसवलीस, त्याआधी फुंकर मारली नाहीस, स्पिरिटच्या बोळ्याने पट्ट्या पुसल्यास, आणि चहा उकळायच्या आत गेम कॉम्प्युटरमध्ये आला होता. अख्खा गेम २४ किलोबाइटचा! रोज सकाळी मोबाईलवर येणारा सुप्रभातचा फुलांचा फोटो याच्या कितीतरी पट मोठा असतो. तीस वर्षं आमच्या माळ्यावर उन्हाळे-पावसाळे काढून त्यातलं एक अक्षरही हललेलं नव्हतं. पुढचं तू काय काय केलंस त्याच्या तपशिलात मी शिरत नाही. एम्युलेटर मेसेन होता, फुकट मिळतो, आणि तो कॉम्प्युटरला त्या जुन्या यंत्राचं सोंग इतकं बेमालूम घ्यायला लावतो की गेमला आपण तीस वर्षं पुढे आलोय हे कळतच नाही, एवढं तू समजावलंस ते माझ्या लक्षात राहिलं.

मग रिमोटची गोष्ट. तू आणलेल्या पॅडवर वरच्या कडेला दोन बटणं होती, एक डावीकडे, एक उजवीकडे. "टँकच्या गेमला चार दिशा आणि एक गोळी, एवढंच तर लागतं," तू म्हणालास. गोळी डावीकडच्या वरच्या बटणावर नेलीस. म्हणजे अंगठा दिशांवर, त्याच हाताची तर्जनी गोळीवर. जुन्या यंत्रात हे झालंच नसतं, तिथे गोळी उजव्या अंगठ्यालाच बांधलेली. पण पॅड दादाला देण्याआधी तू आपला उजवा हात पॅन्टच्या खिशात घातलास. पॅड मांडीवर ठेवलास आणि एकट्या डाव्या हाताने पहिली स्टेज खेळून बघितलीस. पॅड घसरला. तू उठलास, आईकडून जाड टॉवेल मागून घेतलास, मांडीवर घडी घातलीस, पुन्हा खेळलास. उजवा हात पूर्ण वेळ खिशात. दादा तुझ्या खिशाकडेच बघत होता. मी दादाकडे बघत होते.

आणि मग ते घडलं, ज्यासाठी हे पत्र आहे.

दादाच्या हातात पॅड आला, सुरुवातीची ती धून वाजली, पिवळा टँक हलला. दादाने पॅड खाली ठेवला. मान हलवली. "फास्ट."

मी लगेच बोलले. "अरे दादा, किती वर्षं झाली, तुला तसं वाटतंय. खेळ, सवय होईल." हे मी म्हणाले. दुकानदाराने जे म्हटलं होतं तेच, फक्त मायेने. घरात आम्ही सगळ्यांनीच धरून चाललो होतो की हे आजारपणाचं आहे. तो मंद झालाय, म्हणून जग त्याला जलद वाटतं.

तू खुर्चीवरून उठून खाली सतरंजीवर, त्याच्यासमोर बसलास. विचारलंस, "दादा, गाणं फास्ट आहे का टँक फास्ट आहे?" आणि थांबलास. मी मध्ये तोंड घालणार होते, तर माझ्याकडे न बघताच तू हात वर केलास. दादाचे ओठ हलत होते. मी मनात आकडे मोजत होते, तीसच्या पुढे गेले होते.

"दोन्ही."

"खूप, का थोडं?"

परत तेवढाच वेळ.

"थोडं."

तू आमच्याकडे वळलास आणि अगदी साध्या आवाजात म्हणालास, "दादा बरोबर बोलतायत."

मग तू कारण सांगितलंस. जपानचा टीव्ही सेकंदाला साठ चित्रं दाखवायचा, म्हणून तिथला गेम साठाच्या तालावर चालतो. आपल्याकडे १९८२ ला रंगीत टीव्ही आला तो पाल पद्धतीचा, सेकंदाला पन्नास. आपल्या टीव्हीसाठी बनवलेल्या नकली यंत्रांवर तोच गेम पन्नासाच्या तालावर चालायचा. टँक सहाव्या हिश्श्याने सावकाश, धूनही तेवढीच सावकाश. एम्युलेटरला सांगितलं नाही तर तो जपानचा वेग धरतो. तीस वर्षांपूर्वीचा सहाव्या हिश्श्याचा फरक दादाच्या कानाला पहिल्याच सुरात कळला होता. माझ्या कानाला कळला नाही. मी तर त्याच्या शेजारीच बसून खेळत होते! आणि मला दोन्ही हात आहेत, बोलता येतं, लोक माझं ऐकून घेतात.

सेटिंगमध्ये प्रदेशाचा एक रकाना होता. त्यात 'डेंडी' निवडलंस. १९९२ साली रशियात विकायला आलेल्या अशाच एका नकलेचं ते नाव, तिचीही चाल आपल्या यंत्रासारखीच. मला त्याचं फार वाटलं. कुठल्यातरी देशातल्या कुणीतरी, एक पैसा न घेता, नकली यंत्रांचा वेगसुद्धा मोजून ठेवला, कारण आपल्यासारख्या कितीतरी घरांचं बालपण त्या नकलीवरच गेलं होतं आणि ते नीट जपलं पाहिजे असं त्याला वाटलं. अशी माणसं असतात. त्यांचं नाव पेपरात येत नाही, आपण त्यांना कधी भेटतही नाही. तू त्यांच्यातलाच. आणि मदत करणारे मला या वर्षात पुष्कळ भेटले, खोटं कशाला बोलू, फळं आणली, पैसे विचारले, गाडी दिली. पण दादाचं म्हणणं खरं धरून पुढे चालणारा एकही नव्हता. आजाऱ्याला माणसं धीर देतात, समजूत काढतात. त्याला बरोबर काय आठवतंय हे तपासून बघायला कुणी बसत नाही.

धून पुन्हा वाजली, या वेळी तिच्या वेगाने. दादाने डोळे मिटले. तू बघितलंसच. तो रडला नाही, हसलाही नाही, नुसती मान डोलावली, जशी हिशेब जुळल्यावर दुकानात डोलवायचा. "हां," म्हणाला. "हे." आणि पॅड उचलला.

पैसे घेतले नाहीस. आईने बांधून दिलेली शेंगदाण्याची चटणी तेवढी नेलीस, डबा सवडीने परत कर. तू दाखवलेलं ते गेम आहे तिथे थांबवून ठेवायचं बटण आम्ही रोज वापरतो. दादाचं बोट दहा-पंधरा मिनिटांत दमतं, मग स्टेज तशीच ठेवायची आणि दुसऱ्या दिवशी तिथूनच पुढे. आता लाइट गेली तरी काही पुसलं जात नाही.

या चार दिवसांत आमच्याकडे आणखी एक बदल झालाय. दादा काही बोलायला लागला की आई गॅस बंद करते आणि येऊन समोर बसते. मीही हात वर करून पोरांना गप्प करते, तुझ्यासारखाच. काल त्याने त्या वेळात सलग तीन शब्द जोडले: "तिला... टँक... मारला." कारण त्याने खरंच मारला होता. मुद्दाम. माझा हिरवा टँक विटांच्या आडोशाला खिळून राहिला आणि स्टेजच्या शेवटी जास्त टँक उडवणाऱ्याला मिळणारा हजाराचा बोनस दादाने घेतला. मी भांडले त्याच्याशी. अगदी १९९३ सारखी.

रविवारी ये. आम्ही अकराव्या स्टेजवर आहोत.

तुझी,
कराडची ताई