बेलग्रेडच्या बाईंना, मामाबद्दल

आदरणीय बाई,
सा. न. वि. वि.

तुम्हाला मराठी येत नाही हे ठाऊक असूनही हे पत्र मराठीत लिहितेय. कारण गेली चार वर्षं मी तुम्हाला अरेतुरे करते आहे. आपला सगळा पत्रव्यवहार स्वीडिशमध्ये, आणि स्वीडिश लोकांनी 1960च्या दशकाच्या अखेरीस अहो-जाहो जवळजवळ मोडीतच काढलं. राजघराणं सोडलं तर सगळेच 'दू'. सांगलीत वाढलेल्या बाईमाणसाची जीभ शिकवणाऱ्या बाईंना 'तू' म्हणताना अडखळते हो. तुमच्या सर्बियनमध्ये 'ती' (तू) आणि 'वी' (तुम्ही) दोन्ही आहेत, त्यामुळे माझं दुखणं तुम्हाला कळेल. तर एकदा चारचौघांत, मनासारखं 'तुम्ही' म्हणून आभार मानू द्या.

वाचणाऱ्यांसाठी थोडं मागचं सांगते. मी स्वीडनमध्ये, माल्मोत राहते, नोकरी सॉफ्टवेअरची. इथे आल्यावर स्वीडिश शिकले आणि उत्साहाच्या भरात मुलांच्या गोष्टींचं एक पुस्तक मराठीत करायला घेतलं. ओळखीतल्या एका संपादकांनी सुचवलं, ''इंग्रजी अनुवाद असेलच, त्यावरून उरका. मूळ कोण ताडून बघतंय?'' मीही उरकायला लागले. पहिल्याच पानावर एक 'अंकल' भेटला, त्याला काका करून टाकलं. तीन प्रकरणं काका सुखाने नांदले. चौथ्यात ते पोराला आईच्या लहानपणीच्या खोड्या सांगायला लागले, तेव्हा माझ्या पोटात गोळा आला. मूळ पुस्तक उघडलं, तर पहिल्या ओळीपासून 'मूरब्रूर'. आईचा भाऊ!

माल्मोत जुन्या युगोस्लाव्हियातून आलेली माणसं पुष्कळ. आमच्याच इमारतीतल्या एका आजींनी तुमचा पत्ता दिला: बेलग्रेडला माझी मैत्रीण आहे, जन्मभर स्वीडिशमधून अनुवादच करत आलीय. मी चार ओळींचा मेल टाकला. तुमचं उत्तर आलं चार पानी, आणि त्याच्या शेवटी तीन रकान्यांचा तक्ता. पहिल्यात स्वीडिश, दुसऱ्यात सर्बियन, तिसरा माझ्यासाठी कोरा. मूरब्रूर, उयाक, मी लिहिलं मामा. फारब्रूर, स्त्रित्स, काका. उयाकची बायको उय्ना, म्हणजे आमची मामी. स्त्रित्सची बायको स्त्रिना, म्हणजे काकू. या दोघींपुढे स्वीडिशचा रकाना तुम्ही रिकामा ठेवला होता. पुढे मूस्टर आणि फास्टर आल्या, तर तुमच्याकडे दोघींना मिळून एकच तेत्का. मी मावशी आणि आत्या वेगवेगळ्या लिहून तक्ता परत पाठवला. तुमचं उत्तर एका ओळीचं: ''इथे तू जिंकलीस.'' तो कागद अजून माझ्या टेबलासमोर भिंतीवर आहे.

मग नावांची पाळी. भाषासुधारक वुक काराजिच यांच्यापासून तुमच्याकडे जसं बोलावं तसं लिहावं हा दंडक, त्यामुळे परकं नावही कानाला विचारूनच लिहायचं. डॅनिश तत्त्वज्ञ किर्केगार्द तुमच्याकडे क्येर्केगोर. 1909 साली साहित्याचं नोबेल मिळवणाऱ्या पहिल्या बाई, सेल्मा, यांचं आडनाव मी इंग्रजी वळणाने 'लागरलॉफ' लिहिलं होतं. तुम्ही व्हिडिओवर मला ओठांचा चंबू करून 'ए' म्हणायला लावलंत. दहा वेळा. घरातली माणसं दारातून डोकावून गेली. त्या स्वराला मराठीत अक्षर नाही, आणि शेवटचा फ दिसतो फ पण म्हणायचा व. शेवटी 'लागेर्लेव्ह' ठरलं. तुमच्याकडे मात्र 'लागेर्लेफ' रूढ आहे, हे तुम्ही जरा नाखुशीनेच कबूल केलंत.

गेल्या वर्षी बेलग्रेडला आले, तर दारात गेल्या गेल्या एक चमचा मुरांबा आणि पाण्याचा ग्लास पुढे केलात. स्लात्को. मी म्हटलं, आमच्याकडे याच्या जागी गूळपाणी. तुम्ही लगेच वहीत टिपून घेतलंत.

स्वतःबद्दल तुम्ही बोलतच नाही. बेलग्रेड विद्यापीठात स्कँडिनेव्हियन भाषांचं शिक्षण उभं करणारे ल्युबिशा राइच (1947–2012) यांच्याबद्दल मात्र किती बोललात! ते तुमचे गुरू. त्यांचं नाव 'प्रोफेसर' लावल्याशिवाय एकदाही घेतलं नाहीत. तेही शिकवता शिकवता अनुवाद करत राहिले, तुम्हीही तेच केलंत. 1992 साली युगोस्लाव्हियावर संयुक्त राष्ट्रांचे निर्बंध आले, त्यांत सांस्कृतिक देवाणघेवाणही थांबली, आणि तुमच्याकडे स्टॉकहोमहून येणारी पुस्तकं बंद झाली. 1993च्या अखेरीस पाचशे अब्ज दिनारांची नोट निघाली. तिच्यावर चित्र योव्हान योव्हानोविच झ्माय यांचं, मुलांसाठी कविता लिहिणाऱ्या कवीचं. ती नोट तुमच्या स्वीडिश शब्दकोशात खूण म्हणून आहे. तेव्हा अनुवादाचे पैसे हातात पडेपर्यंत त्यांत पावही येत नसे, एवढंच म्हणालात. 1999 साली नाटोने युगोस्लाव्हियावर केलेल्या बॉम्बफेकीबद्दल मीच विचारलं. 78 दिवस, नॉर्वे आणि डेन्मार्क दोन्ही देश नाटोत, आणि तुम्ही त्यांच्याच भाषा शिकवत होतात. तुम्ही उत्तर दिलं नाहीत. माझ्या कपात आणखी कॉफी ओतलीत.

आणि मग आपणहून उयाकचा विषय काढलात. 1942 पासून जर्मनांनी हजारो युगोस्लाव्ह कैदी, त्यांत बहुतेक सर्ब, उत्तर नॉर्वेत रस्ते बांधायला नेले. निम्म्याहून अधिक तिथेच मेले. तुमचे मामा परतले. वाटेच्या कडेला गावातले लोक लपवून पाव ठेवत, असं मामा सांगायचे. नॉर्वेजियन त्यांना दोनच शब्द यायचे. एक 'ताक', म्हणजे आभार. दुसरा 'ब्रे', पाव. ओठांचा चंबू करून म्हणायचा ए. लहानपणी स्वयंपाकघरात मामांनी तुम्हाला तो असाच घोटून घेतला होता.

माझ्या मामाचा काका झालेला तुम्हाला का खपला नाही, ते मला त्या दिवशी कळलं.

1933 साली आमच्या मराठी रंगभूमीवर 'आंधळ्यांची शाळा' आलं, ते नॉर्वेच्या ब्यॉर्नसनच्या नाटकावरून, हे सांगितल्यावर तुम्ही इतक्या खूश झालात की तुमची कॉफी गार झाली. त्या नाटकाबद्दल आणखी लिहायचं कबूल केलं होतं, ते अजून राहिलंय. रागावू नका.

पुस्तक छापून झालं. एक प्रत आजच पोस्टात टाकली, सोबत कोल्हापुरी गुळाची छोटी ढेप आहे. पान 9 वर मामा आहे. तो शोधायला देवनागरी यायची गरज नाही, मी पेन्सिलीने खूण केली आहे.

तुमची,
माल्मोची विद्यार्थिनी