‘लास्ट ट्रेन होम’ पाहिल्यावर आई-बाबांना पत्र

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

लिशिन फान या दिग्दर्शकाचा २००९ चा ‘लास्ट ट्रेन होम’ हा माहितीपट नुकताच पाहिला आणि तुम्हा दोघांना सविस्तर लिहावेसे वाटले. चीनच्या सिचुआन प्रांतातल्या खेड्यातले एक जोडपे, मुलीला तान्हेपणीच आजी-आजोबांच्या हवाली करून, ग्वांगझू शहरातल्या शिवण कारखान्यात राबते आणि चिनी नववर्षाला तेवढे घरी येते. कुटुंबाची सरकारी नोंद गावची असल्यामुळे अशा कामगारांच्या मुलांना शहरातल्या शाळेत सहजी प्रवेश मिळत नाही, म्हणून मुले गावीच वाढतात. २००८ च्या हिमवर्षावात गाड्या बंद पडल्या, तेव्हा त्या शहराच्या स्टेशनावर बोचकी सांभाळत ताटकळलेली लाखो माणसे पाहून मला गणपतीला कोकणात निघालेले आपले चाकरमानीच आठवले.

घरी आलेले हे आईवडील जेवताना मुलांशी बोलतात ते अभ्यासाविषयीच. बाबा, लालबागहून येणाऱ्या मनिऑर्डरच्या कुपनावर तुम्हीही तेवढेच लिहीत असा: ‘अभ्यास कर, आईला त्रास देऊ नकोस.’ त्या बोटभर जागेत दुसरे काही मावण्यासारखे नव्हतेच.

पुढे ती मुलगी शाळा सोडून स्वतःच कारखान्यात जाते आणि एका सणाला बापलेकीचे भांडण हातघाईवर येते. तिला कृतघ्न म्हणायला माझे मन धजत नाही, कारण जे कष्ट तिच्यासाठी उपसले गेले ते तिने कधी पाहिलेच नव्हते. तिला दिसले ते फक्त आईवडिलांचे नसणे. शेवटी तिची आई धाकट्या मुलासाठी गावी परतते आणि बाप एकटा शहरात राहतो. आई, तू पहिल्यापासून गावी राहिलीस, भातलावणी, गुरे आणि आजीचे दुखणेखुपणे एकटीने निभावलेस, म्हणून आम्हा भावंडांचे बालपण पोरके झाले नाही, हे मला आता फार स्पष्ट दिसते.

बाबा, १९८२ च्या संपात तुमची गिरणी बंद पडली एवढेच आम्हाला ठाऊक आहे. रात्रपाळीत काय काम असे, गाळ्यात किती जण पाळीपाळीने झोपत, खानावळीचे पैसे थकले तेव्हा काय केलेत, हे तुमच्या तोंडून ऐकायचे आहे. गणपतीला येईन तेव्हा तुम्ही बोला, मी रेकॉर्ड करीन. आणि आईनेही शेजारी बसून त्याच वर्षांतली गावाकडची हकीकत सांगावी.

तुमची लेक