डेकोरेशन नाही हो बाबा

आई, बाबा,

रविवारी फोन मधेच ठेवला त्याबद्दल सॉरी. "अजून किती वर्षं ही सुतारकी?" असं बाबा म्हणाले आणि माझं डोकंच फिरलं, त्यात सेटवर चाळीस माणसं आजूबाजूला. फोनवर परत भांडणच होईल म्हणून लिहून पाठवतोय, आई तूच मोठ्याने वाचून दाखव, त्यांना चष्मा सापडणार नाहीच.

बाबा, सोसायटीत तुम्ही सांगता की मुलगा सिनेमात डेकोरेशन करतो. डेकोरेशन गणपतीत करतात हो! मी कलादिग्दर्शक आहे. शूटिंगच्या तीन महिने आधीपासून मी डायरेक्टर आणि कॅमेरामनबरोबर बसतो, हे कुटुंब कसल्या घरात राहतं, भिंतींचा रंग काय, सकाळचं ऊन कुठल्या खिडकीतून येणार, कॅमेरा मागे घ्यायला कुठली भिंत काढता यायला हवी, हे सगळं ठरवतो आणि मग सुतार येतात. तुम्ही 'आवारा'तल्या स्वप्नातल्या त्या ढगांचं आणि पायऱ्यांचं इतकं कौतुक करता ना, त्याचं कलादिग्दर्शन एम. आर. आचरेकरांचं. चित्रकार माणूस, आपला मराठी. त्यांना म्हणाला असतात का सुतार?

सध्या घोडबंदर रोडला स्टुडिओच्या एका फ्लोअरवर १९७१ सालची चाळीतली खोली उभी केलीय. मागून बघितलं तर आठ बाय चारचे प्लाय आणि लाकडी टेकू, पुढून ओल आलेली भिंत. रंग देऊन झाला की तो घाण करायचा, त्याला आम्ही एजिंग म्हणतो आणि मला विचाराल तर खरी मजा तिथेच आहे. स्विचपाशी बोटांचे काळे डाग, स्टोच्या वर धुराचा पट्टा, आणि आजोबा टेकून बसतात तिथे डोक्याच्या तेलाचा गोल. पेंटरने तो गोल इतका वर काढला की आजोबा उभ्याने पेपर वाचत असावेत. शेवटी मीच भिंतीला टेकून बसलो आणि डोक्यामागे खडूने खूण करून घेतली. आपल्या नौपाड्याच्या घरात असाच गोल होता, आई, तू त्यावर कॅलेंडर लावायचीस.

कॅलेंडरवरून आठवलं, परवा व्हिडिओ कॉलवर तू सेट बघितलास आणि पहिलं वाक्य काय, "अरे तेव्हा कालनिर्णय कुठे होतं?" बरोब्बर! ते निघालं १९७३ ला. दुकानाच्या पाटीवरचा पिनकोड मी पकडला होता, कारण पिनकोड आला १५ ऑगस्ट १९७२ ला, म्हणून पाटीवर नुसतं 'मुंबई २८' लिहून घेतलं, आणि इकडे स्वयंपाकघरात कालनिर्णय लटकतंय. त्याहून मोठा घोळ म्हणजे भाड्याने आणलेल्या स्टीलच्या डब्यावर 'सप्रेम भेट, १९८८' कोरलेलं, ते मॉनिटरवर दिसलं तेव्हा दोन शॉट झाले होते. चूक माझीच, परत घ्यावे लागले, सगळ्यांसमोर शिव्या खाल्ल्या. आता प्रत्येक भांडं उलटं करून वाचतो, तू लग्नातली भांडी वाचायचीस तसं.

पैशांबद्दल बाबा बोलतात ते मात्र खरंय. एका जुन्या कामाचं पेमेंट पाच महिने अडकलंय, विचारलं की "सोमवारी बघतो" म्हणतात, कुठला सोमवार ते सांगत नाहीत. तुम्हाला सांगितलं नव्हतं, उगाच झोप उडेल म्हणून. हप्ते चालू आहेत, काळजी करू नका.

शनिवारी येतोय. माळ्यावर आजीचा पितळी पंपाचा स्टो आहे तो हवाय. आई, घासू नकोस प्लीज, आहे तसाच काळा राहू दे. आणि बाबा, तुम्ही स्टुलावर चढायचं नाही, मी आल्यावर काढतो. फक्त त्याला पिन मारून पंप कसा करायचा ते आमच्या हिरॉईनला येत नाही आणि सेटवर कोणालाच येत नाही, मलाही नाही. तुम्ही पेटवून दाखवा, मी व्हिडिओ काढतो.