पेरुजाचा पाऊस

प्रिय अवी,

दोन महिने तुला चार ओळीसुद्धा टाकल्या नाहीत, मान्य. गुडघा बरा आहे, बीपी गोळीवर आहे, झालं. लिहायला बसलो ते रविवारच्या वळवामुळं. मध्यंतराला पाऊस कोसळला आणि आमच्या तरण्या पंचानं दहा मिनिटांत, खोलीत बसल्या बसल्याच फुटबॉलचा सामना रद्द केला. मैदानात पाय नाही, चेंडू टाकून बघणं नाही. अर्ध्या तासात ऊन! हे मी तुझ्याशिवाय कुणाला सांगू?

होय, पेरुजाच. 14 मे 2000. इटालियन लीगचा शेवटचा दिवस, तुझे युव्हेंटस 71 गुणांवर, लाझिओ 69 वर, आणि युव्हेंटसचा सामना पेरुजाशी, त्यांच्याच मैदानावर. मध्यंतराला मैदानाचं तळं झालं आणि पंच कोलिना छत्री घेऊन चेंडू टाकत फिरला. तू आजही म्हणशील, पाऊण तासात सामना सोडायला हवा होता. म्हण. तासाहून जास्त थांबून त्यानं उत्तरार्ध सुरू केला, पेरुजाच्या कालोरीनं गोल मारला, तुमचा झांब्रोत्ता लाल कार्ड घेऊन बाहेर, 1-0. तिकडं लाझिओनं रेजिनाला 3-0 नं हरवलं होतं आणि त्यांची माणसं रोममध्ये रेडिओ कानाला लावून बसली होती. 72-71. वीस वर्षांहून जास्त झाली, तरी तुझा राग काही उतरत नाही.

पण गड्या, चेंडू कसा टाकायचा हे या पोरांना कोण सांगणार? दोन्ही गोलक्षेत्रं, मधलं वर्तुळ आणि कडेला जिथं सहायक पंच धावतो ती पट्टी, एवढ्या जागी तरी खांद्याच्या उंचीवरून सोडायचा. उसळला तर ठीक, ‘थप्’ करून बसला तर नाही. मग जमिनीलगत ढकलायचा. पाण्यात अडला तर पास देता येणार नाही, आणि अडलेल्या चेंडूवर दोघं घसरत आले की पाय मोडतो. रेषा दिसतात का बघायचं. दोन्ही कर्णधारांना बरोबर न्यायचं, म्हणजे नंतर बोंब नको. दर दहा-पंधरा मिनिटांनी पुन्हा तेच. खेळ सुरू करायच्या आधी खेळाडूंना अंग गरम करायला वेळ द्यायचा, नाहीतर पहिल्याच धावेत मांडीचा स्नायू जातो. आणि वहीत नोंद पेन्सिलीनं. शाई वाहून जाते. मण्याची शिट्टी भिजली की अडकते, बिनमण्याचीच खिशात हवी.

पोरांना कोलिना म्हणजे टक्कल आणि वटारलेले डोळे. (केस विशीतच एका आजारानं गेले, ती काय स्टाइल होती?) डोळे वटारायला सगळे शिकलेत. पण तो 1977 ला बोलोन्यात पंचांच्या वर्गाला बसला आणि सेरी आ, म्हणजे इटलीची सगळ्यात वरची लीग, मिळाली 1991 ला. चौदा वर्षं खालच्या मैदानांवर काढली रे! फिफाच्या यादीत 1995 ला. सामन्याआधी दोन्ही संघांच्या व्हिडिओ टेप बघायचा: कॉर्नर कोण कसा घेतो, बचाव कुठं उभा राहतो. म्हणून चेंडू पडायच्या आधीच तो तिथं असायचा. 2002 ची योकोहामाची वर्ल्ड कप फायनल आठव.

आता तर पंचांना पळण्याचीही परीक्षा आहे: 40 मीटरच्या सहा धावा, प्रत्येक 6 सेकंदांत, मग 75 मीटर 15 सेकंदांत पळायचं, 25 मीटर 18 सेकंदांत चालायचं, असं चाळीस वेळा. आमच्यातला एक जण परवा म्हणाला, व्हीएआर (व्हिडिओ बघून निर्णय तपासणारा पंच) आहे की! अरे, आपल्याकडं कुठाय?

आणि कोलिनाच्या कारकिर्दीचा शेवट कसा, तर 45 व्या वर्षी फिफाची तेव्हाची वयोमर्यादा. इटलीनं त्याच्यासाठी एक वर्ष वाढवलं, पण त्यानं ओपेल या मोटार कंपनीची जाहिरात घेतली, आणि ओपेल मिलान क्लबचीही प्रायोजक होती. वरच्या सामन्यांवरनं काढायची भाषा झाली, तर ऑगस्ट 2005 मध्ये यानंच राजीनामा दिला. पाच दिवस आधी विलारेआलमध्ये एव्हर्टनच्या फर्ग्युसनचा डोक्यानं मारलेला गोल त्यानं नाकारला होता. एव्हर्टनवाले अजून तुझ्यासारखेच चिडलेले.

वहिनींची बदली झाली का? धाकट्याची बारावी? कळव.

जूनमध्ये येतोस ना? मैदानात पाणी असेलच. चेंडू मी आणतो, पोरं मी गोळा करतो. छत्री तू धर, आणि चेंडू सोडताना युव्हेंटसचं नाव काढू नकोस.

तुझा,
सद्या