जादूची बेटे मांडवीतही

मा. संपादक,

आपल्या बालपुरवणीतली जादूच्या बेटांची काल्पनिक मालिका माझी नात जेवतानाही सोडत नाही. लेखकाचे मनापासून अभिनंदन! एक विनंती आहे: पुढच्या बेटांना आमच्या गोव्यातल्या मांडवी नदीचे पाणी लागू द्या. चोडण, दिवाडी, जुवे, कुंभारजुवे ही केवढी सुंदर बेटमाळ! चोडणच्या सलीम अली पक्षी अभयारण्यात ओहोटीला खारफुटीची श्वसनमुळे चिखलातून पेन्सिलींसारखी उभी दिसतात, मधून निवट्या नावाचे मासे टुणकन उडतात. कुंभारजुव्याच्या खाडीत मगरी आहेत. गणेशचवथीच्या सातव्या दिवशी तिथेच होड्या जोडून केलेल्या सांगोडांवर देखावे निघतात. यातून जादूगाराला केवढा मालमसाला मिळेल! आणि मालिकेतल्या बेटांचा नकाशा जरूर छापा, फेरीबोटीच्या धक्क्यांसकट.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका, दिवाडी