तैनाती फौजेचा हप्ता

प्रति,
संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीत छोटे उद्योग आणि बड्या कंपन्या यांच्यातल्या करारांवर लेख आला आहे. लेखकानं अशा करारांना ‘आजची तैनाती फौज’ म्हटलं आहे. (तैनाती फौज म्हणजे ईस्ट इंडिया कंपनीनं हिंदी राजांच्या संरक्षणासाठी म्हणून दिलेली, पण त्यांच्याच खर्चानं पोसली जाणारी फौज.) उपमा झकास आहे. पण ती समजावताना वसईच्या तहाची जी गोष्ट सांगितली, ती आम्ही सगळे शाळेत शिकलो तीच: घाबरट दुसरा बाजीराव, धूर्त गव्हर्नर जनरल वेलस्ली, एक सही आणि राज्य गेलं. मी इतिहासाचा अभ्यासक नव्हे. बँकेच्या कर्जविभागात ३१ वर्षं काढली. निवृत्तीनंतर हे तह वाचायला घेतले, तेव्हा त्यात मला तलवारीपेक्षा थकबाकीच जास्त दिसली. म्हणून हे पत्र.

आधी बाजीरावांबद्दल. २५ ऑक्टोबर १८०२ ला हडपसरजवळ यशवंतराव होळकरांनी शिंदे-पेशव्यांच्या फौजेचा पराभव केला, पेशवे पुणं सोडून निघाले आणि ३१ डिसेंबरला वसईला तह झाला, हे खरंच आहे. पण त्याआधी बरेच दिवस कंपनी फौज घ्या म्हणत होती आणि बाजीराव टाळत होते. फौज स्वीकारायची तयारी त्यांनी दाखवली तीसुद्धा एका अटीवर: ती कंपनीच्या मुलखात राहील, गरज पडली की आम्ही बोलावू. मला तरी यात मूर्खपणा दिसत नाही. दारात उभी असलेली फौज रोज खाते आणि लांबची बोलावल्यावरच खाते, हे त्यांना नेमकं कळलं होतं. हडपसरनंतर ती अट टिकली नाही, इतकंच. किमान ६,००० पायदळ कायमचं आलं आणि त्याच्या खर्चासाठी २६ लाखांच्या उत्पन्नाचा मुलूख लिहून द्यावा लागला.

परराष्ट्र संबंध कंपनीच्या हाती गेले, हे कलम सगळ्यांना पाठ असतं. त्याच तहातल्या दुसऱ्या एका गोष्टीकडे फार कमी लोक पाहतात. निजाम आणि गायकवाड यांच्याशी असलेले पेशव्यांचे वाद कंपनी सोडवणार होती. हे वाद कसले? मुख्यतः येण्यांचे. निजामाकडची चौथाईची बाकी, गायकवाडांकडची खंडणीची बाकी. म्हणजे पेशव्यांची वसुली आता त्या पंचाच्या मर्जीवर, जो दोन्ही ऋणकोंचाही पगारी संरक्षक होता! गायकवाडांचा हिशेब मिटवायला त्यांचे वकील गंगाधरशास्त्री इंग्रजांच्या हमीवर पुण्याला आले आणि जुलै १८१५ मध्ये पंढरपुरात त्यांचा खून झाला. पुढे १८१७ च्या पुणे तहात गायकवाडांवरच्या भविष्यातल्या हक्कांवर पेशव्यांना पाणी सोडावं लागलं आणि वर आणखी ३४ लाखांचा मुलूख गेला. येणी बुडाली आणि देणी वाढली. याला आमच्या खात्यात काय म्हणतात ते छापण्यासारखं नाही.

ही पद्धत वेलस्लीनं शोधली असंही लेखात आहे. ते बरोबर नाही. त्यानं ती साच्यात बसवली. त्याच्या कितीतरी आधी, १७५३ मध्ये, फ्रेंच सेनानी बुसीनं हैदराबादेत आपल्या पलटणीच्या पगारासाठी आंध्र किनाऱ्यावरच्या उत्तर सरकार जिल्ह्यांचा महसूल मिळवला होता. १७६६ मध्ये तेच जिल्हे इंग्रजांनी घेतले आणि बदल्यात निजामाला दरसाल पेशकश, म्हणजे खंडणीवजा ठरावीक रक्कम, द्यायचं कबूल केलं. ही पेशकश लक्षात ठेवा, ती पुन्हा येणार आहे.

अवधचं थोडक्यात सांगतो. १७९८ मध्ये नवाब सआदत अली खानांवर कंपनीच्या फौजेपोटी वर्षाला ७६ लाखांचा आकार बसला. वेलस्लीनं फौज वाढवली, आकार वाढला, आणि १८०१ मध्ये रोख रकमेऐवजी १ कोटी ३५ लाख उत्पन्नाचा मुलूख, जवळपास निम्मं राज्य, कंपनीनं घेतला. सैन्य किती लागेल हे ठरवणार पुरवठादार, दर ठरवणारही तोच.

पण खरा अभ्यास करायचा तर हैदराबादचा करावा, कारण तिथे राजकारण आणि सावकारी एकमेकांत कशी मिसळली ते उघड दिसतं. सप्टेंबर १७९८ च्या तहात निजामानं ६ पलटणींसाठी दरसाल २४ लाख १७ हजार १०० रुपये कबूल केले आणि फ्रेंच अधिकाऱ्यांनी तयार केलेली स्वतःची फौज मोडली. दोन वर्षांनी पलटणी वाढल्या आणि रोखीचा प्रश्न कायमचा मिटवायचा म्हणून म्हैसूरच्या दोन युद्धांत वाट्याला आलेला बळ्ळारी, अनंतपूर, कडप्पा हा प्रदेश निजामानं कंपनीला देऊन टाकला. इथे हिशेब संपायला हवा होता. संपला नाही. युद्धाच्या वेळी निजामानं स्वतःचीही काही फौज द्यायची, असं कलम होतं. ती फौज कुचकामी आहे असं इंग्रजांचं मत पडलं आणि रेसिडेंट (दरबारातला इंग्रजांचा प्रतिनिधी) हेन्री रसेलनं इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखाली वेगळं दल उभं केलं. तीच पुढची हैदराबाद कंटिंजंट. तैनाती फौजेची किंमत जमिनीच्या रूपानं चुकती झाली होती. हा नवा खर्च निजामाच्या खजिन्यातून, आणि हुकूम मात्र रेसिडेंटचा. हिंगोली, एलिचपूर इथल्या जुन्या छावण्या या दलाच्याच.

पगार वेळेवर द्यायचा तर रोकड हवी, आणि महसूल तर हंगामानंतर येणार. या फटीत विल्यम पामर आणि कंपनी ही पेढी शिरली. हा पामर पुण्यात रेसिडेंट असलेल्या जनरल पामरचा मुलगा. इंग्रजांनी परवानगीशिवाय हिंदी राजांना कर्ज देऊ नये असा पार्लमेंटचा कायदा होता. १८१६ मध्ये या पेढीला त्यातून सूट मिळाली. पेढीचा एक भागीदार सर विल्यम रम्बोल्ड. त्याच्या बायकोची पालक व्यक्ती कोण, तर खुद्द गव्हर्नर जनरल लॉर्ड हेस्टिंग्ज (वॉरन नव्हे, नंतरचा). निजामाचा कारभार चालवणारे चंदूलाल कर्ज घेत गेले, व्याज २४-२५ टक्क्यांपर्यंत, तारण म्हणून जिल्ह्यांचा वसूल. १८२० मध्ये ६० लाखांचं मोठं कर्ज मंजूर झालं. नवा रेसिडेंट चार्ल्स मेटकाफ यानं कागद तपासले तेव्हा त्यातले ८ लाख भागीदारांच्या ‘बोनस’पोटी गेल्याचं निघालं. (आम्ही त्याला प्रोसेसिंग फी म्हणतो. आमची एवढी कधीच नव्हती.)

मेटकाफनं पेढीचा पिच्छा पुरवला, गव्हर्नर जनरलचा रोष पत्करून. हे त्याच्या नावावर जमा करायलाच हवं. पण पेढीचे पैसे फिटले कसे? ती पेशकश आठवा. उत्तर सरकारांपोटी कंपनी निजामाला दरसाल ७ लाख देणं लागत होती. १८२३ मध्ये त्या वार्षिक देण्याचं एकरकमी मूल्य काढलं, सुमारे १ कोटी १६ लाख, आणि त्यातून पामरचं कर्ज भागवलं. निजामाचं एक कायमचं उत्पन्न इंग्रजी पेढीच्या व्याजात गेलं, आणि कंटिंजंट जागच्या जागी उभीच राहिली.

तिची थकबाकी पुन्हा साठली. १८५३ मध्ये डलहौसीच्या काळात त्यापोटी वऱ्हाड, रायचूर दुआब आणि धाराशिव-नळदुर्गकडचा भाग कंपनीकडे आला. १८६० मध्ये रायचूर आणि धाराशिव परत मिळाले. वऱ्हाड मिळालं नाही. काळी जमीन, कापूस, आणि थोड्याच वर्षांत अमेरिकेतल्या यादवीमुळे कापसाला आलेला भाव. अशी मालमत्ता कोण सोडतो? कर्जाची रक्कम पन्नास लाखांच्या आसपासची. तारण काय गेलं ते वऱ्हाडातल्या वाचकांनी ठरवावं. १९०२ मध्ये कर्झननं वर्षाला २५ लाख देऊन तो प्रदेश कायमच्या पट्ट्यानं घेतला.

या व्यवस्थेवर सगळ्यात बोचरी टीका इंग्रजांच्याच एका अधिकाऱ्यानं केली आहे. थॉमस मन्रोनं १८१७ मध्ये लिहिलं की जिथे ही फौज जाते तिथली गावं ओस पडू लागतात, कारण वाईट राजाला हटवायचे नेहमीचे मार्ग, बंड किंवा स्वारी, हेच बंद होतात. राजाला शत्रूची भीती उरत नाही, मग रयतेची तरी का उरावी? म्हणून राजेलोकांना निव्वळ बळी समजणं मला पटत नाही. अनेकांना ही फौज स्वतःच्याच सरदारांविरुद्ध हवी होती.

आता लेखातल्या उपमेकडे. एखादा करार जाचक आहे, एवढ्यानं तो तैनाती फौज ठरत नाही. जाचक करार मोडता येतो, नुकसान सोसून का होईना. लेखात तंत्रज्ञान भाड्यानं घेणाऱ्या उद्योगांचं उदाहरण आहे. ते गरज संपली की दुसऱ्याकडे जाऊ शकत असतील, तर उपमा लागू नाही. पण सेवा किती घ्यायची हे देणाराच ठरवत असेल, वादात निवाडाही तोच करत असेल, आणि पैसे थकले की भागभांडवल किंवा ग्राहकांची यादी त्याच्याकडे जात असेल, तर मात्र लेखकाचं म्हणणं त्यांना वाटतं त्याहूनही खरं आहे.

लेखमाला पुढे चालू राहणार असल्याचं आपण छापलं आहे. पुढच्या भागात लेखकांनी त्या करारांतलं हप्ता थकल्यावर काय होतं ते कलम शब्दशः द्यावं, ही विनंती.

आपला,
एक नियमित वाचक
(निवृत्त बँक कर्मचारी)